आजोबांचे शहाण्णव जागे डोळे

तुमचे आजोबा दुपारी झोपत नाहीत, असं ते स्वतः सांगतात. घोरता घोरता सांगतात.

म्हणून मी ठरवलं, रविवारच्या व्हिडिओ कॉलवर तुम्हाला पुरावाच दाखवायचा. जुन्या काळी कार्टून हाताने काढत, प्रत्येक हालचालीला वेगळं चित्र. मी अठ्ठेचाळीस कागद घेतले, क्रमांक घातले, खाली तारीख टाकून सही केली आणि खिडकीच्या काचेवर धरून एकावरून दुसरं चित्र काढलं. मान इंचाइंचाने खाली, चष्मा नाकाच्या शेंड्यावर, पेपर जमिनीवर. फक्त डोळे राहिले. (माझ्या हातचे डोळे शर्टाच्या बटणांसारखे दिसतात.)

आपल्या पेणमध्ये डोळ्यांना काय तोटा? शेजारच्या गणपतीच्या कारखान्यात सुरेखा मूर्तींचे डोळे रंगवते. तिला कागदांची फाइल दिली, वर शिस्तीत चिठ्ठी: ‘सर्व कागदांवर डोळे सुबक व एकसारखे हवेत.’

रविवारी सहाला कॉल. पाच वाजता फाइल आली. उघडली, तर प्रत्येक कागदावर टपोरे, तेजस्वी, सताड उघडे डोळे.

“सुरेखा, अगं हे झोपलेत!”

“झोपलेत व्हय? मग बाई, तसं लिवायचं नाय? तुमीच लिवलंय, एकसारखे.”

“निदान शेवटचे दहा तरी मीट.”

“नाय जमायचं. पंधरा वर्सं देवाचे डोळे उघडतेय मी. मिटायचं काम आमच्याकडं येतच नाय.”

वेळ उरला नव्हता. मोबाइलने एकेका कागदाचा फोटो काढला, फिल्म जोडली आणि तुम्हाला दाखवली. मान पडली, चष्मा घसरला, पेपर सुटला, तोंड उघडलं. डोळे मात्र भक्तांकडे प्रसन्नपणे बघत राहिले.

“आजी, आजोबा तर जागेच आहेत,” सई म्हणाली.

“ध्यान करताहेत ते,” मिहिरने निकाल दिला.

“बघ, पोरांना कळतं,” आजोबा म्हणाले आणि मिशीवरून हात फिरवला.

तेव्हापासून रोज दुपारी खुर्चीतून घोरणं ऐकू येतं. मी विचारते, “झोपलात ना?” ते डोळे न उघडताच कपाटावरच्या फाइलीकडे बोट दाखवतात. आत त्यांच्या जागेपणाचे अठ्ठेचाळीस पुरावे आहेत. सगळे क्रमवार लावलेले, आणि प्रत्येकाखाली तारखेसकट माझीच सही.