लाँड्रीतला ड्रॅगन

आमच्या हॉस्पिटलच्या लाँड्रीत चादरींच्या गठ्ठ्यांतून काय काय निघतं ते सांगितलं तर तुमचा विश्वास बसणार नाही. चष्मे, कवळ्या, एकेकटे पायमोजे, एकदा तर अर्धवट विणलेला स्वेटर, सुयांसकट. मोठ्या बाई प्रत्येक वस्तूला चिठ्ठी बांधून ती जिथून आली त्या वॉर्डात परत पाठवायच्या. गेल्या वर्षी एक जाडजूड कादंबरी निघाली, तीही पाठवली. दुसऱ्या दिवशी ती परत आली. पेशंटबाईंनी चिठ्ठीच्या मागे लिहिलं होतं, "माझी वाचून झाली. आता तुम्ही वाचा. शेवटी रडू येतं, रुमाल घेऊन बसा."

"कापडाची काय कमी आहे आपल्याकडे?" असं म्हणून मोठ्या बाईंनी जेवणाच्या सुट्टीत पहिलं पान उघडलं.

मोठ्या बाई म्हणजे आमच्या मुकादम. एकतीस वर्षं लाँड्रीत काढलेली. अंगानं किरकोळ, आवाजानं दणदणीत. फाटक्या चादरी शिवायला मी मशीनवर बसते, त्यामुळे त्यांचा सगळ्यात जास्त ओरडा मीच खाल्लाय. चादर उजेडाला धरायच्या आणि म्हणायच्या, "ही शिवण आहे की कुणावरचा राग काढलायस?" पहिली दोन वर्षं मला त्या डोळ्यांसमोर नको व्हायच्या. खोटं कशाला बोलू?

त्यांच्या वाचनाची सुरुवात या कादंबरीच्या आधीच झाली होती, तीही माझ्या भांडणातून. पंख्याचं तोंड कुणाकडे असावं यावरून माझं आणि इस्त्रीवालीचं वाजलं आणि आठ दिवस आमचा अबोला. नवव्या दिवशी मोठ्या बाईंनी सुट्टीत एका जुन्या मासिकातली गोष्ट खड्या आवाजात वाचायला घेतली आणि ऐन मोक्याच्या जागी मासिक मिटून म्हणाल्या, "उद्या." झालं! दुपारी मला राहवेना. मीच इस्त्रीवालीला विचारलं, "काय गं, तो नवरा परत येईल का?" तेव्हापासून आमच्याकडे रोज अर्धा तास वाचन. डबे उघडे, तोंडं बंद. आम्हाला कुणाला वाचता येत नाही असं नाही. पण मी वाचलं की त्या कादंबरीतल्या ड्रॅगनचं बोलणंसुद्धा नोटीस वाटतं. मोठ्या बाई वाचायच्या तेव्हा ड्रॅगन नाकातून बोलायचा आणि कोल्हीण त्यांच्या धाकट्या बहिणीसारखी.

ती कादंबरी चीनमधल्या जुन्या देवादिकांच्या गोष्टींवरून रचलेली होती. स्वर्गातल्या महालात दिवे लावणारी एक मुलगी, तिच्यावर जीव जडलेला समुद्राचा ड्रॅगन राजपुत्र, आणि तिच्यासाठी जीव द्यायला तयार असलेला पण तोंडातून शब्द न काढणारा एक सेनापती. शिवाय सल्ले द्यायला नऊ शेपटांची कोल्हीण. पहिल्या भागाच्या शेवटी तो राजपुत्र तिला वाचवण्यासाठी विस्मरणाचा प्याला पितो. पेशंटबाईंचं म्हणणं खरं होतं. त्या दिवशी आम्ही ऑपरेशन थिएटरचे हिरवे टॉवेल भिजवले आणि ते पुन्हा धुवायला टाकले.

दुसरा भाग आला तेव्हा मोठ्या बाईंच्या निवृत्तीला तीन महिने उरले होते. पुस्तक त्यांनी स्वतः जाऊन आणलं. सहाशे पानं. हाताशी साठ दिवस कामाचे. "रोज दहा पानं. बरोबर शेवटच्या दिवशी संपतं," त्या म्हणाल्या. "एकही गठ्ठा अर्धवट सोडून मी आजवर घरी गेलेली नाही. हाही सोडणार नाही."

तिसऱ्याच दिवशी भडका उडाला. राजपुत्र स्वर्गात परत आला, समोर ती दिवेवाली उभी, आणि हा शहाणा तिला विचारतो, "आपण कोण?" सुट्टी संपली, पण इस्त्रीवालीचा राग संपेना. "ओळख विसरला तर विसरला, डोळे कुठे गेले होते?" असं म्हणत ती हातवारे करत राहिली आणि एका उशीच्या खोळीवर इस्त्रीचा तपकिरी त्रिकोण उठला. मोठ्या बाईंनी नोंदवहीत लिहिलं, 'खोळ एक, जळाली', आणि कारणाच्या रकान्यात काय लिहावं म्हणून बराच वेळ पेन धरून बसल्या.

तिथून लाँड्रीत दोन तट पडले. मी आणि घड्या घालणारी ठेंगणी सेनापतीच्या बाजूच्या. इस्त्रीवाली राजपुत्राची, इतकं होऊनही. बॉयलरवाले काका कुणाचेच नव्हते, कारण ते म्हणे ऐकतच नव्हते. फक्त रोज साडेबाराला त्यांना आमच्या खोलीतला वाफेचा नळ तपासावासा वाटायचा.

मोठी चादर एकटीला घडी करता येत नाही. दोघींनी टोकं धरायची, ताणायची, मग चालत समोरासमोर यायचं आणि हातातली टोकं एकमेकींच्या हातात द्यायची. मोठ्या बाई मुद्दाम मला इस्त्रीवालीच्या समोर उभं करायच्या. लांबून मी म्हणायची, "तुझा राजपुत्र बिनडोक आहे." ती म्हणायची, "तुझा सेनापती मुका आहे." एकेक पाऊल जवळ येता येता हमरीतुमरी व्हायची, आणि टोकं हातात देईपर्यंत दोघींनाही हसू फुटलेलं असायचं. एवढ्या जवळून कुणावर रागवता येत नाही, हे मला त्या खोलीत कळलं.

चाळीस दिवस होईपर्यंत सगळं हिशेबात चाललं होतं. मग आमच्या शंका सुरू झाल्या.

स्वर्गातलं पीचचं झाड तीन हजार वर्षांनी एकदाच फळतं असं आलं, तर ठेंगणीनं विचारलं, "मग मधल्या काळात माळी काय करतो?" त्यावर वीस मिनिटं गेली. दुसऱ्या दिवशी मी विचारलं की नऊ शेपटं असलेली कोल्हीण खुर्चीवर बसते कशी. इस्त्रीवाली म्हणाली, शेपटं पुढे घेऊन. मी म्हटलं, अशक्य. आम्ही एका फाटक्या चादरीच्या नऊ पट्ट्या पिळून ठेंगणीच्या कमरेला बांधल्या आणि तिला बसवून पाहिलं. ती पडली. त्या दिवशी दोन पानं झाली.

"काय कीस काढताय!" मोठ्या बाई करवादायच्या. "असं केलंत तर संपायचं कसं?"

आमचं काही ठरलेलं नव्हतं, शपथेवर सांगते. पण ते पुस्तक संपलं की मोठ्या बाई जाणार, हे प्रत्येकीच्या पोटात होतं. निवृत्तीची तारीख आमच्या हातात नव्हती. फाटे फोडणं तेवढं हातात होतं.

शेवटच्या दिवशी चौऱ्याहत्तर पानं शिल्लक होती. मोठ्या बाईंनी डबा उघडलाच नाही. पुस्तक घेतलं आणि घोड्यावर बसल्यासारखं वाचत सुटल्या. ड्रॅगनचा आवाज नाकातून येईना, कोल्हीण कोण आणि सेनापती कोण कळेना. पाचव्या पानावर ठेंगणीनं विचारलं, "बाई, ड्रॅगनचं पडसं बरं झालं का हो?"

त्यांनी पुस्तक मिटलं. आम्हाला वाटलं, आता आमची धडगत नाही.

"मला काय खुळी समजता?" त्या म्हणाल्या. "त्या माळ्याचं तुम्हाला काय पडलं होतं? कोल्हिणीच्या बुडाचं काय पडलं होतं? सगळं कळतंय मला." मग पुस्तक माझ्यापुढे सरकवलं. "घे. उरलेलं तू वाचून दाखव यांना."

"मला नको," मी म्हटलं. "पुस्तक नकोय आम्हाला, बाई. तुम्ही हव्या आहात."

नळाशी उभे असलेले काका म्हणाले, "अहो, पण सेनापतीचं काय होतं? तो कड्यावर लटकतोय परवापासून."

सगळ्यांच्या माना त्यांच्याकडे वळल्या. काका नळाकडे बघायला लागले.

मोठ्या बाई हसल्या, मग हसता हसता डोळे पुसायला लागल्या. "परवापासून नाही, आठवड्यापासून," त्या म्हणाल्या. "रोज मी आदल्या दिवशीची दोन-तीन पानं परत वाचत होते. कालचंच आज. एकीच्याही लक्षात आलं नाही! प्रत्येकीचं डोकं पुढची शंका शोधण्यात." त्यांनी चष्मा काढला. "घरी दोन पानं वाचली की मेहुणे घोरायला लागतात आणि बहीण 'हो, हो' म्हणत फोन बघते. तिथे कोण भांडणार आहे माझ्याशी? मलाच संपवायचं नव्हतं गं."

इस्त्रीवाली उठली आणि त्यांच्या गळ्यात पडली. मग आम्ही सगळ्याच. काका तेवढे नळाला धरून उभे राहिले. "लाँड्रीत बाहेरच्या माणसाला येता येत नाही," ते म्हणाले. "पण बॉयलरच्या मागे अंगणात माझा बाक आहे. तो लाँड्रीत मोडत नाही. साडेबाराला तिथं सावली असते."

सोमवारी आम्ही डबे घेऊन मागच्या दारानं बाहेर पडलो, तर मोठ्या बाई आधीच बाकावर. घरची साधी साडी, नाकावर चष्मा, मांडीवर पुस्तक. एकतीस वर्षांत पहिल्यांदा त्यांच्या अंगावर मुकादमाचा निळा कोट नव्हता आणि त्या चक्क तरुण दिसत होत्या.

"कुठपर्यंत आलो होतो आपण?" त्यांनी विचारलं.

आम्ही चौघांनी चार वेगवेगळ्या जागा सांगितल्या. त्यांनी सगळ्यांत मागची निवडली आणि वाचायला सुरुवात केली.