पाउसानाचं तोंड

पाउसाना चाळिशीची झाली, तरी तिचा पाय तिच्या डोक्याच्या वर जायचा. दोरीला टांगलेल्या सीलच्या कातड्याच्या चेंडूला उडी मारून एका पायाने लाथ घालायची आणि त्याच पायावर उतरायचं, तोल न जाता. आत्याने हे तिला मासे सुकवायच्या मांडवाखाली शिकवलं होतं, शिव्या घालत घालत.

त्या वसंतात उत्तरेच्या बर्फाळ किनाऱ्यावरच्या आमच्या गावातून एकच बाई मोठ्या क्रीडामेळ्याला जाणार होती. पाउसाना कधीच गेली नव्हती. एकदा बाळंतपण आडवं आलं, एकदा आईचं दुखणं, एकदा धुक्यामुळे विमानच उतरलं नाही. आता गुडघा कुरकुरायला लागला होता. यंदा नाही तर कधीच नाही, हे ती जाणून होती.

गावच्या सभागृहातल्या निवडीत शेवटी दोघीच उरल्या: ती आणि वीस वर्षांची कनायुक. पाउसानाने सहा फुटांवरचा चेंडू उडवला. कनायुक दोनदा चुकली. तिची तिसरी, शेवटची संधी उरली.

"अगं कार्टे, खांदे मागे कशाला टाकतेस? आधी गुडघा छातीला लाव!" पाउसाना ओरडली.

शहरातून आलेले नवे पंच तरातरा पुढे आले. "प्रतिस्पर्ध्याला शिकवायचं नाही. आणखी एक शब्द बोललात, तर बाद."

व्हेलची कातडी चघळत बसलेल्या म्हाताऱ्यांची तोंडंसुद्धा थांबली. समोरच्याला सांगायचं नाही, असा खेळ आमच्याकडे कुणी ऐकलाच नव्हता. बर्फ पातळ दिसलं, तर पुढच्याला हाक मारायची नाही की काय?

"मावशी, गप्प बस ना," कनायुक कळवळून म्हणाली. "तुझी जागा जाईल."

पाउसानाला ती जागा हवी होती, अगदी जीव जाईल इतकी. ती पंचांकडे वळली.

"आठ वर्षांची असताना आपल्या भाषेत बोलले, म्हणून शाळेत माझ्या तोंडात साबण कोंबला होता. तेव्हा गप्प बसले मी. आता नाही बसणार." मग पोरीला म्हणाली, "गुडघा छातीला. पाय नंतर सोड."

पंचांनी तिच्या नावावर काट मारली.

कनायुकने उडी घेतली. चेंडू झुलला, आणि ती एका पायावर खुंटीसारखी उभी राहिली. सगळं सभागृह ओरडलं. पाउसानाच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं, रागाचंही आणि आनंदाचंही. ते न पुसताच तिने खुर्ची ओढली आणि थेट चेंडूखाली जाऊन बसली.

"चेंडू चार बोटं वर घ्या," ती म्हणाली. "आणि तू इकडे ये गं, उतरताना टाच टेकवतेस ते सांगते."

पंच तिला आणखी बाद करणार तरी कसं?