न जोडलेली दोन पॅनेलं

दवाखान्याच्या छपरावर पालथा पडून मी नव्या पॅनेलच्या मागे हात घातला आणि वायरचं मोकळं टोक हाताला लागलं. टोकावर काळी टेप होती, घट्ट आणि नीटनेटकी गुंडाळलेली. उरलेली वायर वेटोळं करून स्टँडच्या अँगलमागे खोचली होती. उंदराने कुरतडली असती किंवा खाऱ्या हवेने गंजली असती, तर मला बरं वाटलं असतं. हे कुणीतरी मुद्दाम केलं होतं. आणि ते कुणीतरी म्हणजे आमचीच कंपनी.

"काय मिलला काय?" खालून शिडी धरून उभ्या असलेल्या दाऊदचाचांनी विचारलं.

"बघतोय अजून," मी म्हणालो. बघण्यासारखं काही उरलं नव्हतं.

ऐंशीच्या दशकातली ही गोष्ट. मी रत्नागिरीत सोलरची कामं करणाऱ्या एका छोट्या कंपनीत सर्व्हिस इंजिनिअर होतो. दाभोळच्या खाडीकाठी एका गावात गावच्या मुस्लिम जमातीने चालवलेला दवाखाना होता. पावसाळ्यात विजेचा खांब पडला की तिथे आठवडाभर काळोख. म्हणून बाळंतपणाच्या खोलीसाठी आम्ही दोन सोलर पॅनेलं, एक बॅटरी आणि दोन ट्यूबलाईट बसवल्या होत्या. पुढे चाचांच्या मुलाने, युसूफने, सौदीतून आणखी दोन पॅनेलं पाठवली. तीही आमच्याच कंपनीने बसवली, त्या कामावर मी नव्हतो. तो रजेवर आल्यावर उद्घाटन झालं, नारळ फुटला, फोटो निघाले. पॅनेलं वाढली म्हणून व्हरांड्यात आणखी दोन ट्यूबलाईट लागल्या.

आणि तेव्हापासून लाईट आधीपेक्षाही लवकर जायला लागली. एका बाळंतपणात तर नर्सबाईंनी शेवटचे टाके टॉर्चवर घातले. गावात बोललं जाऊ लागलं की युसूफला तिकडे कुणीतरी फसवून भंगार माल दिला. चाचांनी आयुष्य जहाजावर काढलेलं, मानी माणूस. चहाच्या दुकानात चारचौघांत त्यांनी मुलाला सुनावलं, की घाम गाळून कमावलंस आणि येड्यासारखं घालवलंस.  युसूफ रजा संपायच्या आधीच खाडी पार करणाऱ्या तरीत बसून निघून गेला. हे मला नर्सबाईंनी सांगितलं. चाचा स्वतः एवढंच म्हणाले होते, की मी रोज सकाळी पॅनेलं पुसतो, तरी का चालत नाहीत?

मी खाली उतरलो. चाचांच्या घरून चहा आणि सांदण आलं होतं. मी ताट तसंच बाजूला सारलं. "एक पार्ट बदलावा लागेल, घेऊन येतो," असं पुटपुटून मी तरीकडे सटकलो.

तो पार्ट म्हणजे चार्ज कंट्रोलर. त्या वेळी आम्ही रेग्युलेटर म्हणायचो. पॅनेल आणि बॅटरी यांच्या मध्ये तो बसतो. बॅटरी भरली की पॅनेलचा करंट थांबवतो. नाहीतर बॅटरीतलं पाणी उकळून ती बाद होते. तो निवडायचा हिशोब सोपा असतो. तिथल्या प्रत्येक पॅनेलचा जास्तीत जास्त करंट सव्वादोन अँपिअरच्या आसपास. दोन पॅनेलांचे साडेचार. त्यात चौथाई वाढवायची, कारण ढगातून एकदम ऊन पडलं की पॅनेल कागदावरच्या आकड्यापेक्षा जास्त देतं. म्हणून तिथे सहा अँपिअरचा रेग्युलेटर होता. तो दोन पॅनेलांना बरोबर होता. चार जोडली असती तर जळला असता.

आमचे साहेब परांजपे. रत्नागिरीला आल्यावर त्यांच्यासमोर मी टेपचा तुकडा ठेवला.

"हो, मीच सांगितलं होतं," ते शांतपणे म्हणाले. "मोठा रेग्युलेटर मुंबईहून आला नव्हता. मुलाची रजा ठरलेली, पाहुणे बोलावलेले. म्हटलं, फोटोपुरती वर चढवा, नंतर जोडू."

"मग जोडली का नाहीत?"

"राहून गेलं." त्यांनी चष्मा पुसला. "स्टोअरमध्ये दहाचा पडलाय. चार पॅनेलांचे नऊ होतात. बसव."

"चौथाई धरली तर अकराच्या वर जातं, साहेब. पंधराचाच हवा."

त्यांनी कपाळाला आठ्या घातल्या, पण मागवला. मी निघताना म्हणाले, "विचारलं तर लूज कनेक्शन होतं म्हण. खोटं थोडंच आहे?"

पंधराचा रेग्युलेटर आला. मी परत गेलो, बसवला, चारही पॅनेलं जोडली. मीटरचा काटा असा वर गेला की चाचा पोरासारखे हसले.

"लूज कनेक्शन होतं," मी म्हणालो. आणि रेग्युलेटरचे स्क्रू पुन्हा आवळायला वळलो.

"मंजे माझ्या पोराचा माल बरा होता?"

"उत्तम आहे."

चाचांचं हसू मावळलं. ते व्हरांड्याच्या पायरीवर बसले आणि बराच वेळ हातातल्या फडक्याच्या घड्या घालत राहिले. मला वाटलं होतं आनंद होईल. पण आपण मुलाला काय काय बोललो, ते त्यांना एकेक करून आठवत असणार. मग ते उठले आणि मला घरी घेऊन गेले.

आखातातल्या माणसांची घरं त्या काळी पत्रांपेक्षा कॅसेटवर बोलायची. घरातले सगळे टेपरेकॉर्डरभोवती बसून आळीपाळीने बोलत, आणि कुणी जाणारा असला की त्याच्याबरोबर कॅसेट जाई. चाचांनी रेकॉर्डर माझ्यासमोर ठेवला.

"उद्घाटनापासून पैशाचा ड्राफ्ट येतो, कॅसेट येत नाय," ते म्हणाले. "तुमी सांगा त्याला. माझा ऐकनार नाय तो. तुमी विंजिनेर हाव."

त्यांनी बटण दाबलं. चाची दारात येऊन उभ्या राहिल्या. कॅसेट फिरायला लागली. मी नाव सांगितलं, कंपनीचं नाव सांगितलं, आणि 'लूज कनेक्शन' हा शब्द तोंडात येऊन अडकला. तिकडे एक माणूस हे पुन्हा पुन्हा लावून ऐकणार होता. शिवाय तो जाणकार असला तर त्याला ते पटणारही नव्हतं. दोन पॅनेलं एकाच वेळी कशी लूज होतील?

"तुमची पॅनेलं आम्ही जोडलीच नव्हती," मी म्हणालो. "आमच्याकडे योग्य रेग्युलेटर नव्हता. तरी फोटोसाठी वर चढवली आणि नंतर विसरलो. तुमचा माल पहिल्या दिवसापासून चांगला होता. दोष आमचा आहे." वर बघायची हिंमत झाली नाही.  एवढी लाज मला परीक्षेत नापास झालो तेव्हाही वाटली नव्हती.

चाचा रागावतील म्हणून मी वाट बघत होतो. त्यांनी माझ्याकडे पाहिलंही नाही. रेकॉर्डर स्वतःकडे ओढला, तोंड जवळ नेलं. 

"युसूफ," ते म्हणाले, "चुकी माझी झाली." आणि बटण बंद केलं.

रत्नागिरीला परतल्यावर मी साहेबांना खरं ते सांगितलं.

"कंपनीचं नाव घेतलंस?"

"घेतलं."

"आणि माझं?"

"नाही."

त्यांनी पुन्हा पेपर उघडला. तो विषय आम्ही परत कधीच काढला नाही.

काही महिन्यांनी बॅटरीत पाणी भरायला मी त्या गावात गेलो. कॅसेटचं काय झालं, हे विचारायचं धाडस होत नव्हतं. चाचांनी आपणहून सांगितलं. युसूफची कॅसेट आली होती. बापाच्या माफीबद्दल त्यात अवाक्षर नव्हतं. आता लाईट सकाळपर्यंत टिकते का, एवढंच त्याने विचारलं होतं.

"विचारल्यान," चाचा म्हणाले. "मना तेवढा बस झाला."

रेग्युलेटर छपरावरच्या पॅनेलांच्या मापाने निवडायचा, स्टोअरमध्ये काय पडलंय त्याच्या मापाने नाही. पॅनेल वाढलं की तो बदलायचा. तो येत नसेल तर उद्घाटन पुढे ढकलायचं. पुढे माझ्या हाताखाली आलेल्या प्रत्येकाला मी हे घोकून घेतलं. का, ते मात्र कधी सांगितलं नाही.