आत येऊ पाहणारं नाव

हे माझ्या तोंडून आजवर बाहेर पडलेलं नाही. आई-बाबांजवळ नाही, नवऱ्याजवळ नाही, आणि ज्याला सांगायला हवं होतं त्याच्याजवळ तर नाहीच. तुम्हाला का सांगतेय? तुम्ही मला ओळखत नाही म्हणून असेल. आपल्याला न ओळखणाऱ्या माणसाचे डोळे चुकवावे लागत नाहीत—एवढंच.

योगेश माझा आतेभाऊ. माझ्याहून थोडा लहान, त्यामुळे मी ताई. आम्ही बुऱ्हाणपुरात राहायचो, बाबा शाळेत मास्तर. आत्याचं घर जसोंडीला, गावाच्या कडेला, त्यांच्याच केळीच्या बागेला लागून. सुट्ट्यांत मी तिकडे, नाहीतर तो आमच्याकडे. लहानपणी आम्ही एका ताटात जेवलोय. हे आधी सांगून ठेवते, कारण पुढे मी काय म्हणाले ते ऐकताना तुमच्या लक्षात असावं.

तेव्हा रस्त्यांच्या कडेनं केबलसाठी चर खणले जात होते. आमच्या गल्लीत ब्रॉडबँड आलं. जसोंडीत मोबाईलचा डेटा आला, तोही कधी असायचा, कधी नसायचा. मी कॉलेजात होते आणि मला एका खेळाचं वेड लागलं होतं. ओसाड माळावर सगळ्यांनी मिळून गाव वसवायचं—घरं, बागा, तटबंदी. आमचं गाव माझ्या कॉम्प्युटरवर चालायचं, बाकीचे इंटरनेटवरून त्यात येऊन जोडले जायचे. कोणाला आत घ्यायचं आणि कोणाला नाही, हे माझ्या हातात. केवढीशी सत्ता! पण मला तेवढीही कधी मिळालेली नव्हती.

माझ्यासोबत खेळणारी तिघंही पुण्याची. त्यांना मी कधी पाहिलं नाही, फक्त हेडफोनमधून ऐकलं. त्यांचं बोलणं किती स्वच्छ, किती सहज! आणि मी—मी त्यांच्याशी बोलताना प्रत्येक शब्द आधी मनात धुऊन घ्यायचे. घरी आम्ही 'काहून', 'करून राह्यलो', 'हाव ना' असंच बोलायचो, निम्मी हिंदी मिसळून. त्यांच्यासमोर मात्र मी पाठ्यपुस्तकासारखी बोलायचे. त्यांना वाटायचं मी मूळची पुण्याकडचीच, वडिलांची बदली झाली म्हणून इकडे. मी तसं कधी म्हणाले नव्हते. वाटू दिलं होतं.

योगेशला हा खेळ मीच शिकवला होता. त्यानं आत येण्याची लिंक मागितली, मी दिली. भाऊच तो, का नाही देणार? त्यानं नाव घेतलं होतं 'जसोंडीकिंग'. आला, आणि आल्या आल्या माइकवर ओरडला, "अबे कोन कोन हाये इथं? हे भिंत कोनी बांधली बे, सारं गाव गोठ्यावानी दिसून राह्यलं!"

मग हसू फुटलं. एकानं त्याची नक्कल केली, दुसरीनं त्या नकलेची नक्कल. योगेशही हसला, त्याला वाटलं, आपल्या विनोदावर हसतायत. मग त्या मुलीनं विचारलं, "कोण आहे हा? तुझ्या ओळखीचा आहे का?"

आणि मी म्हणाले, "नाही गं. गावाकडचा कुणीतरी दिसतोय. लिंक मिळाली असेल कुठून तरी."

त्यानं ते ऐकलं नाही. नेमकं तेव्हाच त्याचं नेट गेलं होतं. कितीतरी वर्षं मी हेच स्वतःला सांगत आले—की त्यानं ऐकलं नाही. जणू त्यामुळे मी ते बोललेच नव्हते.

आता पंचाईत अशी, की तो परत आला असता तर पहिल्याच वाक्यात मला ताई म्हणाला असता. म्हणून मी त्याच्या नावावर बंदी घातली. एक क्लिक, बस. त्या खेळाची रीत अशी होती की ज्याला बंद केलं त्याला तसं कळायचं नाही. त्याच्या पडद्यावर फक्त यायचं, संपर्क होत नाही, पुन्हा प्रयत्न सुरू आहे. आणि खेळ आपणहून प्रयत्न करत राहायचा, थोड्या थोड्या वेळानं, पुन्हा पुन्हा. माझ्या पडद्याच्या कोपऱ्यात मात्र दर वेळी नाव उमटायचं. जसोंडीकिंग आत येऊ पाहतोय. मग विझायचं. मग पुन्हा.

पाचेक मिनिटांत त्याचा फोन. "ताई, हे तुटूनच राह्यलं व. काय करू?"

मी काय सांगायला हवं होतं? काहीही. 'खेळ बिघडलाय', 'माझी परीक्षा आहे'—काहीही चाललं असतं. मी म्हणाले, "फोन बंद करून चालू कर."

त्यानं केला. जमलं नाही. मग मी म्हणाले, लॅपटॉपवरचा खेळ काढून टाकून पुन्हा टाक. त्याच्या त्या मरतुकड्या डेटावर उतरवायला सगळा दिवस गेला. त्यानं तेही केलं. मग अँटिव्हायरस बंद कर. मग सेटिंगमधले अमुक आकडे बदल. मी सांगायचे, तो कान आणि खांदा यांत फोन धरून एकेक आकडा मोठ्यानं वाचत टाकायचा, शाळेतल्या पोरासारखा. "झालं ताई. आता?" आता हे, आता ते. माझ्या कोपऱ्यात त्याचं नाव उमटतंय, विझतंय, आणि मी त्याला नवा उपाय सांगतेय. मला आवडायला लागलं होतं का ते? हा प्रश्न मी टाळत आलेय. थोडं—हो. इतक्या विश्वासानं माझं कुणीच ऐकत नव्हतं.

सगळे उपाय संपले तेव्हा मी म्हणाले, "सिग्नलच कमी पडतोय तुझ्याकडे. फोन उंचावर ठेवायला पाहिजे."

आधी त्यानं तो खिडकीत ठेवला. मग छपरावर. फोनच्या हॉटस्पॉटवर घरातला लॅपटॉप जोडायचा, अशी त्याची व्यवस्था होती. छपरावरूनही जमलं नाही—जमणार कसं? एका दुपारी फोन आला. उन्हाळा, कडक ऊन. आत्या आणि तिचे यजमान, म्हणजे आमचे फुवा, खकनारला लग्नाला गेलेले, बागेतले मजूर जेवायला घरी. तो एकटाच.

"ताई, टाकीवर ठेवू का? तिथून तं नेपानगर बी दिसते."

त्यांच्या घरामागे लोखंडी सांगाड्यावर पाण्याची टाकी होती. मी तिच्यावर कधी चढले नव्हते, पण ती पाहिली होती. वरून पाणी सांडून सांडून शिडीला शेवाळ धरलेलं असायचं. मला ते माहीत होतं. मी म्हणाले, "ठेव. जितकं उंच तितकं बरं."

हे माझे शब्द. जसेच्या तसे.

मग कोपऱ्यातलं नाव यायला लागलं. आणि त्या दिवशी ते कसं आलं, ते मी विसरू शकत नाही. रोज ते अडखळत यायचं, मध्येच तासभर गायब व्हायचं. त्या दुपारी घड्याळाच्या ठोक्यासारखं. आत येऊ पाहतोय. विझलं. आत येऊ पाहतोय. विझलं. इतका चांगला सिग्नल त्याला कधीच मिळाला नव्हता. बाहेर गल्लीत चिटपाखरू नव्हतं, कूलरची घरघर चालू होती, पुण्याची तिघं तटबंदीवरून काहीतरी बोलत होती, आणि ते नाव दारावर टकटक करावी तसं येत होतं. सगळी दुपार. थकत नव्हतं. चिडत नव्हतं. माणूस इतक्या एकसारखेपणानं दार वाजवत नाही—हे माझ्या अंगाला कळलं होतं, डोक्याला कळायच्या आधी.

आणि आता ते सांगते, ज्यासाठी इतकं फिरून आले.

प्रत्येक वेळी जमलं नाही की तो फोन करायचा. प्रत्येक वेळी. त्या दुपारी फोन आला नाही. मला ते जाणवलं. नंतर नाही, तेव्हाच. मी मोबाईलकडे पाहिलंही. 'हा फोन का करत नाही?' असं माझ्या मनात स्पष्ट आलं. शिडीचं शेवाळही डोळ्यांपुढे येऊन गेलं. आणि मला काय वाटलं सांगू? सुटल्यासारखं वाटलं. बरं झालं, कंटाळला असेल. मी त्या नावाचा टिंग आवाज बंद केला आणि भिंत बांधत बसले.

तो टाकीखाली पडलेला होता. फोन वर बांधून उतरताना पाय सरकला. शुद्धीत होता, कमरेखाली हलता येत नव्हतं. हाका मारल्या, पण भर उन्हाच्या वेळी बागेत कोण असणार? केळीच्या पानांची सळसळ ऐकू यायची, आणि उघड्या दारातून लॅपटॉपचा आवाज. प्रयत्न फसला की तिकडेही टिंग वाजायचं. हे त्यानंच मला पुढे सांगितलं, हसत हसत. "मी तिथं पडेल व्हतो ताई, अन् ते येडं आपलं टिंग टिंग. मी म्हनलं, मी नाही तं नाही, हे तरी मेहनत करून राह्यलं!"

तो ऐकत होता तेच मी पाहत होते. कितीतरी वेळ, दोघं एकाच वेळी.

ऊन उतरल्यावर आत्या-फुवा परतले तेव्हा सापडला. फुवांनी गाडीतूनच बाबांना फोन केला, बुऱ्हाणपूरला आणतोय म्हणून. बाबा चपला न घालताच धावले, आई मागोमाग. मी घरी एकटी. तुम्हाला वाटेल, रडले असेन. नाही. मी कॉम्प्युटरसमोर बसले आणि त्याच्या नावावरची बंदी उठवली. कुणी पाहिलं तर? म्हणून. दुसरं काही कारण नव्हतं.

पुण्याची तिघं केव्हाच गेली होती. आमचं गाव रिकामं होतं. आणि वेशीपाशी एक माणूस उभा राहिला. डोक्यावर नाव—जसोंडीकिंग.

मला माहीत होतं की योगेश गाडीत आहे. टाकीवर फोन चालू आहे, घरात लॅपटॉप चालू आहे, दार उघडं मिळालं म्हणून तो आत आला, सगळं कळत होतं. तरी मी खुर्ची मागे सरकवली. तो नुसता उभा होता, तोंड माझ्याकडे करून. मी माझ्या माणसाला बाजूला नेलं. तो तिथंच पाहत राहिला. मग त्यानं एक पाऊल टाकलं. मग आणखी एक. सरळ माझ्या घराच्या दिशेनं. मी किंचाळले असेन, कारण शेजारच्या काकू 'काय झालं गं' म्हणत आल्या. मी वळून पाहिलं तोवर तो नाहीसा झाला होता.

तो खेळ मी पुन्हा उघडला नाही. योगेशला इंदूरला नेलं, ऑपरेशनं झाली. कुणीतरी म्हणालं, दुपारीच आणला असता तर. कुणीतरी म्हणालं, त्यानं काही फरक पडला नसता. खरं काय, मला कळलं नाही. मी विचारलंही नाही. आता तो चाकाच्या खुर्चीत असतो. केळीचा सगळा व्यवहार फोनवरून बघतो, व्यापाऱ्यांशी भांडतो, लग्नांत सगळ्यांना हसवतो. "मले नेटवर्कनं पाडलं," असं सांगतो. लोक हसतात. मीही हसते.

गेल्या भाऊबीजेला मी जसोंडीला गेले होते. दरवर्षी जाते. ओवाळून झालं, ताट खाली ठेवलं, तेव्हा तो म्हणाला, "ताई, एक विचारू? लय दिवसांचं मनात हाये."

कळलं याला, असं वाटलं. आणि खरं सांगते, एक क्षण वाटलं, कळलेलं असू दे.

"त्या दिवशी आई कपडे घ्याले मांघं थांबली व्हती ना. ते म्हनते, लॅपटॉपवर गाव दिसत व्हतं. घरं, भिंत, सारं. बंद कराले गेली तं हात लागला अन् एक मानूस चालाले लागला. म्हंजे जोडलं गेलं व्हतं ना? टाकीवर ठेवल्यानंच जोडलं गेलं, नाही का?"

आत्या दारात उभी होती. दोघं माझ्याकडे पाहत होते. त्याचा चेहरा—कसा सांगू? त्याला दुसरं काही नको होतं. आपण चढलो ते फुकट गेलं नाही, एवढंच त्याला माझ्याकडून ऐकायचं होतं.

मी म्हणाले, "हो रे. टाकीमुळेच."

"पाह्य आई, मी म्हनलं नव्हतं?" तो खूश झाला. मग आत्यानं पानं घेतली. मी बुऱ्हाणपूरहून दराबा नेला होता, आमच्याकडचा गोड पदार्थ, तो मीच वाढला. त्याला फार आवडतो. त्यानं दोनदा मागून घेतला.