पिस्तुलाच्या मापाचं कव्हर

घुग्घुसला खाणीच्या रस्त्यावर, बाजार संपतो तिथं, एक चाचा चामड्याचं काम करायचे. खाणीत उतरणाऱ्यांच्या डोक्यावरच्या दिव्याची बॅटरी कमरेला अडकवायचे पट्टे शिवायचे, पिशव्यांचे बंद बदलायचे. डाव्या कानानं त्यांना ऐकू यायचं नाही. आज मी दोन पायांवर चालतो ते त्यांच्यामुळे. हे आधीच लिहून ठेवतो, कारण हकीकत सांगायला लागलो की मी माझ्या भीतीतच गुरफटतो आणि ज्यांच्यासाठी लिहायला बसलो तेच मागे राहतात.

मी वेंगुर्ल्याकडचा. सातवीत शाळा सुटली. ऐंशीच्या पुढची दोन-चार वर्षं गेली असतील, एका गाववाल्या ट्रक ड्रायव्हरच्या ओळखीनं चामोर्शीला बिडीच्या तेंदूपानाच्या ठेकेदाराकडे कामाला लागलो. आधी गोदामावर राखण केली, मग शेठच्या जीपमध्ये बसायला लागलो. शेठकडे लायसन्सचं बत्तीस बोअरचं छोटं पिस्तूल होतं, तळहाताहून जरासं मोठं. पण शेठचं पोट सुटलेलं, पट्टा टोचायचा. म्हणून लायसन्सवर रिटेनर म्हणून माझं नाव चढवून घेतलं. म्हणजे मालक ते, बाळगणारा मी. पिस्तूल हातात देताना शेठ एवढंच बोलले, "हे हरवलं तर मी जबाब देऊन सुटीन. तू आत जाशील."

त्या दिवसापासून मला दुसरा विचार सुचेना. आईला पत्रात मी ऑफिसात आहे असं कळवलं होतं. जंगलात हत्यार पडलं, कुणाला सापडलं, नदीपलीकडून येतात म्हणतात त्या नक्षलवाल्यांच्या हाती लागलं, तर मी घरी परत कधी जाणार? भाषा वेगळी, रस्ते माहीत नाहीत, जामीन राहायला ओळखीचा एक माणूस नाही.

आणि पिस्तूल पडणारच होतं. कव्हर त्याचं नव्हतंच. शेठच्या वडिलांकडे पूर्वी रिव्हॉल्वर होतं, ते विकलं आणि कव्हर घरात राहिलं. रिव्हॉल्वरच्या चकरीसाठी मधे फुगीर, तोंडाला रुंद. त्यात हे चपटं पिस्तूल म्हणजे बापाच्या चपलेत पोराचा पाय. चंद्रपूरला बंदुकीच्या दुकानात विचारलं, तर दुकानदारानं असंच एक मोठं काढून दाखवलं. "चालून जाईल. कागद कोंबा थोडा."

कागद कशाला, आमच्याकडे पानं होती. तेंदूच्या फडीवर, म्हणजे पानं गोळा करायच्या जागी, काहीही ढिलं असलं की पानाचं पुडकं कोंबायचं, ही तिथली रीतच. खाट डुगडुगली, खाली पुडकं. कंदिलाची काच हलली, भोवती पान. बूट मोठा झाला तर टाचेला पान. मीही तेच केलं. वाळल्या पानांचं पुडकं कव्हरात दाबून बसवलं, वर पिस्तूल. दोन दिवस घट्ट बसलं. तिसऱ्या दिवशी पानांचा चुरा झाला, नाल्यातून जाताना जीप आदळली आणि पिस्तूल निसटून ड्रायव्हरच्या पायाशी पडलं. शेठ मागच्या सीटवर डोळे मिटून होते.

ड्रायव्हरनं खाली बघितलं, माझ्याकडे बघितलं. हळूच म्हणाला, "भाऊ, तुह्यं लेकरू पाळण्यातून पडलं."

मी ते उचलून आत खुपसलं. नशीब तो पोटात ठेवणारा माणूस होता. पण त्यानंतर माझा हात कमरेवरून निघेचना. जेवताना हात कमरेवर, बोलताना कमरेवर. झोपेतही चाचपायचो. ड्रायव्हर म्हणायचा, "कमरेले खरूज झाली काय तुह्या? अख्ख्या चामोर्शीले समजलं का तिथी काहीतरी हाय."

मग मी नवं पुडकं घेतलं. या वेळी पानं सुटू नयेत म्हणून सालीच्या दोरीनं बांधलेलं पुडकं तसंच्या तसं, दोरीसकट कोंबलं. आपलं डोकं चाललं म्हणून मला बरंच वाटलं होतं.

शेठचे दोन ट्रक पानाचा हंगाम सोडून घुग्घुसला कोळशावर चालायचे. त्यांच्या कामासाठी आम्ही तिकडे गेलो. शेठ ट्रकवाल्यांशी बोलत बसले आणि ड्रायव्हर मला चाचांच्या दुकानाशी घेऊन गेला. दुकान म्हणजे पुढं पत्रा, मागं घर. कोळशाच्या धुळीनं सगळं करडं झालेलं. मी चाचांच्या जवळ वाकून, अगदी दबक्या आवाजात म्हटलं, "चाचा, पिस्तुलाला कव्हर पाहिजे."

"काय होय?"

"पिस्तूल."

"पिस्तूल?" चाचा असे ओरडले की पलीकडे मोटरसायकलवर पाय टेकून बसलेले दोन खाणकामगार वळून बघायला लागले. "मंग जोरानं बोल ना! चोरीचं होय का?"

आतून चाची म्हणाली, "तो नाई, तुम्हीच बोंबलून राह्यले. उजव्या बाजूनं बोल रे बेटा, डावा कान गेला त्यायचा."

चाचांनी आधी लायसन्स मागितलं. माझं नाव आणि फोटो बोटानं ताडून पाहिला. मग मला मागच्या अंगणात नेलं. तिथं खाणीच्या मातीचा ढीग होता. म्हणाले, "पट्टा सोड. पिस्तूल काढू नको. कव्हरसकट खाली ठेव, तोंड ढिगाकडे."

मी ठेवलं. चाचा गुडघ्यावर बसून कव्हरात वाकून बघायला लागले. त्यांनी एक बोट आत घातलं आणि थांबले.

"हे पुडकं कोनं भरलं?"

"मीच."

"दोरीसकट?"

मी मान हलवली. तेवढ्यात, दाखवायचं म्हणून, मी पिस्तुलाच्या मुठीला हात घातला. चाचांनी माझं मनगट असं धरलं की दुसऱ्या दिवशीही दुखत होतं. "हात काढ! ओढू नको म्हनलं ना!"

त्यांनी चामडं कापायची रापी घेतली, मला मागे उभं केलं, स्वतः बाजूला बसले आणि कव्हरची शिवण एकेक टाका करत उसवली. चामडं उलगडलं. सालीची दोरी सैल होऊन तिचा फास चापाभोवती अडकला होता. दुसरं टोक मुठीमागून वळसा घेऊन पुडक्याला, पुडकं तळाला घट्ट रुतलेलं. चाप रोखून धरणाऱ्या खटक्याकडे बघितलं तर तो घासून घासून खाली आलेला, म्हणजे सुटलेला. मी पिस्तूल वर ओढलं असतं तर दोरीनं चाप मागे ओढला असता. जीपमध्ये बसलो की नळी माझ्या मांडीला टेकलेली असायची.

चाचांनी दोरी कापली. "आता गोळ्या काढ."

मी मॅगझिन काढून जमिनीवर ठेवलं. "झालं. रिकामं आहे."

"तोंड ढिगाकडेच ठेव. वरची पट्टी मागं ओढ."

"चाचा, मॅगझिन तर…"

"ओढ म्हनलं ना!"

ओढली. आतून एक गोळी उडून चामड्याच्या कातरणांत पडली. शेठनं पहिल्या दिवशीच सांगितलं होतं, जंगलात वेळ मिळत नाही, एक कायम नळीत ठेवायची. मी ठेवली होती, आणि मॅगझिन काढलं की सगळं निघालं असं धरून चाललो होतो.

मी तिथंच खाली बसलो. चाचीनं पाणी आणून दिलं.

चाचांनी डाव्या कानावर हात मारला. "मले समजते. पैले इथी शिकारी लोक यायचे. त्यायच्या बंदुकीच्या खोळी मी शिवत जाओ. एकजन बोलला, बंदूक खाली हाय, गोळी नाई. मी नाई पाह्यलं. इथी, याच जागी सुटली. कान गेला. हात जाता तर चाचीले भांडी घासा लागली असती."

"आताबी मीच घासतो," आतून चाचीचा आवाज आला.

मी हसलो आणि हसता हसता रडायला लागलो. चाचा रिकाम्या पिस्तुलाखाली कागद ठेवून पेन्सिल फिरवायला लागले. मग दोरीनं जाडी मोजली, मुठीपासून चापापर्यंतचं अंतर मोजलं, माझा पट्टाही मोजला. पट्टा बोटात धरून म्हणाले, "हा पट्टा होय का नाडा? खाणीवाला बॅटरी याले लटकवन तर चड्डी घेऊन खाली जाईन." पट्टा नवा, जाड करायचं ठरलं.

पिस्तूल त्यांच्याकडे ठेवता येणार नव्हतं. ते म्हणाले, "मी सागाचं लाकूड कोरून त्याच्यासारखं बनवतो. ओलं चामडं त्याच्यावर बसवीन, सावलीत वाळवीन. पुढच्या हप्त्यात ये. तोवर हे कमरेले नाई. मालकाले सांग, पेटीत ठेवा."

आता दुसरी भीती. उसवलेलं कव्हर शेठच्या वडिलांचं होतं. जीपमध्ये बसल्यावर मी ते आणि दोरीचा तुकडा शेठच्या मांडीवर ठेवला आणि पिस्तूल पडलं होतं तेही सांगून टाकलं. ड्रायव्हर समोर बघत गाडी चालवत राहिला. शेठ भडकले. "बाबाची एकच वस्तू होती, थेही फाडून आणली?" मी दोरी चापात कशी होती ते बोटानं दाखवलं. शेठनं दोरी हातात घेतली, उलटी-सुलटी केली. चामोर्शी येईपर्यंत ती त्यांच्या मुठीतच होती. उतरल्यावर पिस्तूल कपाटात ठेवून किल्ली स्वतःकडे घेतली. मला वाटलं नोकरी गेली. सबंध आठवडा मी परत जायच्या एसटीचा विचार करत होतो.

पण पुढच्या हप्त्यात शेठनंच रिकामं पिस्तूल माझ्या हातात दिलं. "जा. नीट करून आण."

चाचांनी आधी अंगणात पट्टी ओढायला लावून नळीत बघितलं, मग नवं कव्हर काढलं. जाड, तपकिरी, अजून तेलाचा वास असलेलं. पिस्तूल आत गेलं तेव्हा अगदी हलका टक् असा आवाज झाला. चाप पूर्ण झाकलेला, बाहेरून बोट जायला जागा नाही. मूठ मात्र मोकळी, पंजा पुरा बसेल अशी. मॅगझिन सुटायच्या बटणावर चामडं दाबू नये म्हणून तिथं जरा खोलगट ठेवलेलं. वरून एक बंद, त्याला टिचबटण. पिस्तूल काढलं तरी कव्हरचं तोंड मिटत नव्हतं.

"मिटलं तर परत ठेवताना दुसरा हात लागते," चाचा म्हणाले, "अन् दुसरा हात नळीसमोर येते."

मग माझी परीक्षा. बंद उघडा ठेवून कव्हर गोधडीवर उलटं धरून झटकलं, पडलं नाही. मला पट्टा बांधून उकिडवं बसवलं, वाकवलं, सायकलवर चढवलं, रस्त्याच्या टोकापर्यंत पळवलं. खाणीतून सुटलेली माणसं थांबून बघत होती. एकजण म्हणाला, "चाचा, पोलीस भरती चालू हाय का?" चाचांना ऐकूच गेलं नाही. ते माझ्या कमरेकडे बघत होते. परत आलो तेव्हा त्यांनी कव्हराला पट्टा ओवायचं घर आणखी एक बोट मागे सरकवलं. "आता तुह्या हाताले इथी यायचं काम नाई. जाऊ दे त्याले, राहू दे त्याच्या घरात."

मी कामाचे पैसे दिले आणि वर थोडे जास्त पुढे केले. त्यांनी कामाचेच घेतले.

"तुमच्याकडे समुद्र हाय म्हनते. मंग इथी कोळसा खायाले काऊन आला बे?"

मी नव्या पट्ट्याचं बक्कल लावत राहिलो.

"ज्या दिवशी हे कमरेवरून कायमचं उतरन, त्या दिवशी मले येऊन सांग. अन् खाली हात येऊ नको. तुमच्याकडची खारी मासळी आन. एकदा खाल्ली होती, आजून याद हाय."

त्याच संध्याकाळी शेठनं पिस्तूल भरायला सांगितलं. मी मॅगझिन घातलं, पट्टी ओढली नाही. म्हटलं, "शेठ, नळीत गोळी ठेवणार नाही." नाही हा शब्द मी त्यांच्यासमोर पहिल्यांदाच काढला होता. "मग वाघ आला का त्याले थांब बोलशीन?" एवढं बोलून शेठ जीपमध्ये बसले. पुन्हा त्यांनी विषय काढला नाही.

भीती गेली असं म्हणणार नाही. पुढं तीन हंगाम मी त्या जंगलात भीतच फिरलो. पण हात कमरेवर न ठेवता फिरलो. एकदा जीप उलटली, मी बांधावर फेकला गेलो, आणि उठल्यावर पिस्तूल कव्हरात होतं, बंद लागलेला. मांडी नुसती खरचटली होती. मग मी घरी परतायचं ठरवलं आणि एक दिवस लायसन्सवरून माझं नाव कमी झालं. निघताना शेठ आणि ड्रायव्हर दोघं एसटीवर आले, गाडी नागपूरची मिळाली, मी बसलो. घुग्घुसला गेलो नाही. पुढल्या वर्षी मासळी घेऊनच जाऊ, असं म्हटलं. ते पुढलं वर्ष अजून चाललंय.

चाचा, मी येणार आहे. तुम्ही नसाल तर चाचीला, तीही नसेल तर त्या पत्र्याखाली जे कुणी बसत असेल त्याला सांगेन, उजव्या बाजूनं आणि जोरात. मीठ लावलेले सुके बांगडे बहीण घरी वाळवते, त्यातले निवडून आणीन. आणि कमरेला तुमचा तो जाड पट्टा असेल, त्याला काहीही न अडकवलेला.