क्रॅशवाली आत्या

काही बिघडलं की आत्याचा चेहरा उजळायचा. मिक्सर अडकला, शिलाई मशीन टाके सोडायला लागलं, भिंतीवरचं घड्याळ मागे पडलं, की बाकीचे वैतागत आणि ती पदर खोचून पुढे येत असे. "थांबा, कोणी हात लावू नका," हे तिचं पहिलं वाक्य. दुसरं ठरलेलं, "बंद पडण्याआधी शेवटचं काय झालं?" या प्रश्नाचं धड उत्तर आमच्या घरात कोणालाही कधी देता आलं नाही, आणि त्याचं तिला दर वेळी नव्याने आश्चर्य वाटायचं.

ही बाबांची थोरली बहीण. लग्न केलं नाही. राहायची धारला आणि तीसेक वर्षं रोज बसने नालछ्याच्या शाळेत गणित शिकवायला जायची. निवृत्त झाल्यावर बाबांनी आग्रह करून तिला देवासला आमच्याकडे आणलं. दोन हजार पाच-सहाची गोष्ट. मी कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला होतो. अभ्यासासाठी म्हणून घरात कॉम्प्युटर आला होता आणि त्यावर अभ्यास सोडून सगळं चालू होतं.

त्या सगळ्यात मुख्य म्हणजे एक खेळ. एक भलंमोठं मोकळं जग, त्यात गावं, डोंगर, तलवारी, जादू, आणि आपण त्यातला एक भटक्या. मित्र पवनने मला तो दिला, आणि सोबत पन्नासेक 'मॉड'. मॉड म्हणजे मूळ खेळात जगभरच्या लोकांनी आपापल्या घरी बसून घातलेली भर. कोणी नवी घरं बांधलेली, कोणी झाडं बदललेली, कोणी दुकानदारांना नवे कपडे चढवलेले. मी सगळे एकदम घातले. मग एका बंदराच्या गावाची उत्तर वेस ओलांडली की खेळ जागच्या जागी गोठायचा आणि पडद्यावरून नाहीसा व्हायचा. याला क्रॅश म्हणतात. चार वेळा सगळं पुसून मी पुन्हा घातलं होतं. पाचव्यांदा पुसायला बसलो तेव्हा आत्या मागे उभी होती.

"पुसतोस कशाला?"

"पुन्हा नव्याने घालतो."

"तेच पुन्हा घातलंस तर तेच पुन्हा पडेल. आणि पुसलंस तर काय बिघडलं होतं ते कधी कळणार तुला?"

मला राग आला. तिने उभ्या जन्मात कॉम्प्युटरला हात लावला नव्हता. पण ती खुर्ची ओढून बसली आणि म्हणाली, "हे मॉड का काय ते, त्यांची नावं सांग." जुन्या लग्नपत्रिका कापून तिने पट्ट्या केल्या. एका पट्टीवर एक नाव, देवनागरीत, तिच्या शाळेच्या गोल अक्षरात. पट्ट्या दिवाणावर मांडल्या आणि बरोबर मधून दोन भाग केले. "डावीकडचे सगळे काढ. आता जा वेशीवर."

गेलो. खेळ पडला नाही.

"म्हणजे चोर डावीकडच्यांत आहे. आता त्यांतले अर्धे घाल."

असं सहा वेळा झालं. दीड तासात दिवाणावर एकच पट्टी उरली. मी चार दिवस डोकं फोडत होतो ते या बाईने दुपारच्या चहाच्या आत आणून ठेवलं. पण खरा धक्का पुढे होता. बाकीचे सगळे काढून तो एकच मॉड घातला, तर खेळ सुरळीत चालला.

मी हिरमुसलो. आत्याचे डोळे मात्र चमकले. "एकटा असला की गुणी आहे होय. म्हणजे दोघांचं भांडण आहे. अरे, वेळापत्रकात हेच. जोशीबाई चांगल्या, वर्माजी चांगले. दोघांना तिसऱ्या तासाला एकाच वर्गात पाठवलं की झालं कुरुक्षेत्र." शाळेचं वेळापत्रक इतकी वर्षं तिनेच लावलं होतं.

दुसरा सापडायला संध्याकाळ झाली. एका मॉडने वेशीवरचा पहारेकरी काढून टाकला होता, आणि दुसरा त्याच पहारेकऱ्याच्या तोंडी नवं बोलणं घालू पाहत होता. नसलेल्या माणसाला बोलतं करायच्या नादात खेळ कोसळत होता. क्रम बदलला, बोलणं घालणारा मॉड नंतर लावला, तसा पहारेकरी परत आला आणि मी वेशीबाहेर पडलो.

"तुला हे कॉम्प्युटरचं कोणी शिकवलं?" मी विचारलं.

"यात कॉम्प्युटर कुठे आला?" ती म्हणाली आणि कुकर लावायला उठून गेली.

खेळ ती कधीच खेळली नाही. तलवारीने माणसं मारलेली तिला आवडायची नाहीत. पण अधूनमधून भाजी निवडताना विचारायची, "तो पहारेकरी बरा आहे ना?"

पवनमुळे ही बातमी कॉलेजात पसरली. मुलं आपापल्या क्रॅशची गाऱ्हाणी घेऊन येऊ लागली. पवन म्हणायचा, "भिया, अपनी आत्या तो वकील है, वकील. झूठ पकड़ लेती है." खरंच पकडायची. एकाने सांगितलं, मी काहीच बदललं नाही, आपोआप पडायला लागलं. आत्याने त्याला पोहे दिले आणि शांतपणे म्हणाली, "आपोआप काही होत नाही, बेटा. याद करो." पोहे संपेपर्यंत त्याला आठवलं की आदल्याच दिवशी त्याने एक मॉड काढला होता, आणि त्या मॉडमधली तलवार सेव्ह करून ठेवलेल्या खेळात अजून त्याच्या हातात होती. त्यानंतर तिने प्रत्येकाला वही ठेवायला लावली. काय घातलं, काय काढलं, कधी. आणि एका वेळी एकच बदल. दोन बदल एकदम केलेले तिला सांगितले तर ती ऐकूनच घ्यायची नाही.

ती चुकलीसुद्धा. मे महिन्यात माझा खेळ रोज दुपारी पडू लागला. तिने झाडं बदलणाऱ्या एका मॉडवर ठपका ठेवला आणि आठवडाभर त्याला बाहेर बसवलं. तरी खेळ पडतच राहिला. शेवटी तिने वहीतल्या वेळा बघितल्या. सकाळी एकदाही नाही, सगळे बारा ते चारमध्ये. कॅबिनेट उघडलं तर पंख्यात धुळीचा गोळा अडकलेला. उन्हाने कॉम्प्युटरच तापत होता. मला हसू आलं, तिला आलं नाही. "बिचाऱ्यावर उगाच आळ घेतला," म्हणत तिने त्या मॉडची पट्टी परत जागेवर ठेवली. रात्री झोपण्याआधी तिने ती वही पहिल्या पानापासून पुन्हा तपासली. एवढ्याशा चुकीचं तिला इतकं का लागावं, हे तेव्हा मला कळलं नाही.

बाबांना या सगळ्याचा तिटकारा होता. "रिटायर होऊन बाई पोरांच्या खेळात रमली," असं ते आईजवळ बोलायचे. ते कारखान्यात सुपरवायझर, करड्या शिस्तीचे. त्या पावसाळ्यात त्यांना काहीतरी होऊ लागलं. जेवायच्या आधी हात थरथरायचे, घाम यायचा. एकदा ड्यूटीवरून आले ते शेजाऱ्यांच्या दाराशी जाऊन किल्ली लावत उभे राहिले. साखरेचा आजार जुना होता, त्यामुळे कारखान्याच्या दवाखान्यातले डॉक्टर म्हणाले, साखर एकदम उतरते आहे, जेवणाच्या वेळा पाळा.

मग एका रविवारी सकाळी दाढी करताना ते खाली बसले. चेहरा पांढराफटक, बनियन घामाने निथळलेलं. मी धावलो तर मला ओळखेनात. आत्या आली, तिच्याकडे बघून ते "आई" म्हणाले. आत्याचा हात हवेतच थांबला. क्षणभरच. मग तिने साखरेचं पाणी कालवून चमच्याने पाजलं आणि पाच-सात मिनिटांत बाबा भानावर आले. आम्ही सगळे असे का उभे आहोत, ते त्यांना कळेना. दोन आठवड्यांनी ते चालत्या स्कूटरवरून पडले. मागून येणाऱ्या ट्रकवाल्याने वेळेवर ब्रेक मारला म्हणून खांद्यावर निभावलं.

त्या दिवशी आत्या आईला घेऊन बसली. पुढ्यात वही. "पहिल्यांदा कधी झालं? त्याच्या आधी नवीन काय झालं?" आत्याने घाई केली नाही. कॅलेंडरची पानं मागे उलटत आई म्हणाली, "आपण धारला लग्नाला गेलो होतो ना, पाहुण्यांना मांडूचा किल्ला दाखवायला नेलं. तिथे यांचे पाय फार जळजळत होते. तर परत येताना धारच्या डॉक्टरांना दाखवलं. त्यांनी एक गोळी वाढवून दिली."

"आणि इथली?"

"इथली चालूच आहे. दोन्ही घेतात."

मी लगेच म्हटलं, "आत्या, मग अर्ध्या गोळ्या बंद करून बघू या."

तिने माझ्याकडे अशा नजरेने बघितलं की मी मागे सरकलो. "नंदू, हा माणूस आहे. याला बंद करून पुन्हा चालू करता येत नाही. आपण फक्त बघायचं आणि लिहायचं. करायचं ते डॉक्टर करतील."

तिने बाबांच्या सगळ्या गोळ्यांची पाकिटं मागवली आणि टेबलावर ओळीने मांडली. पाच होती. मोठ्या अक्षरातली नावं पाचही वेगळी. "खाली बारीक काय छापलंय ते वाच," ती म्हणाली. तिची नजर तेवढी पोचत नव्हती. मी भिंग घेऊन एकेक शब्द वाचत गेलो, ती देवनागरीत उतरवत गेली. देवासच्या पाकिटावरचा शब्द तिने लिहिला. धारच्या पाकिटावरचा मी वाचायला लागलो आणि निम्म्यावर थांबून वहीतला शब्द पुन्हा बघितला.

"वाच ना."

"तोच आहे, आत्या."

"अक्षरं सांग. एकेक."

मी सांगितली. शेवटच्या अक्षरापर्यंत तोच शब्द. नाव वेगळं, डबी वेगळी, रंग वेगळा, आत एकच औषध. चार महिने माझे बाबा साखर उतरवायची तीच गोळी दुप्पट घेत होते. आम्ही त्यांना वेळेवर पाणी नेऊन देत होतो.  

तासाभरात आम्ही कारखान्याच्या दवाखान्यात होतो. डॉक्टरांनी दोन्ही पाकिटं पाहिली, आत्याची वही उलगडून तारखा पाहिल्या आणि ते खुर्चीत मागे टेकले. "ही दुसरी गोळी माझ्या कागदांत नाही," ते म्हणाले. आत्या म्हणाली, "नाही. तुम्हाला कोणी सांगितली नाही." त्यांनी एक गोळी तिथल्या तिथे बंद केली. बाबांना तसा झटका पुन्हा आला नाही. दवाखान्यातून आल्यावर तिसऱ्या दिवशी ते आत्याच्या खोलीच्या दारात उभे राहून म्हणाले, "ताई, तो तुमचा खेळ चालतो ना नीट?" त्यांच्याकडून एवढं खूप होतं.

दिवाळीनंतर आत्याने धारला परत जायचं काढलं. सगळ्यांनी थांबवलं, पण ऐकेना. तिला पोचवायला मी बसस्टँडवर गेलो. गाडीला वेळ होता. बाकावर बसलो असताना, काही विचारलं नसताना, ती बोलू लागली.

"आईलाही असाच घाम यायचा."

आजीला जाऊन तेव्हा चार वर्षं झाली होती. धारला शेवटपर्यंत तिच्याजवळ आत्याच होती.

"बोलणं अडखळायचं. मला ओळखायची नाही. सगळे म्हणाले म्हातारपण आहे, मीही तेच म्हटलं. साखर तिलाही होती. दोन डॉक्टर होते तिचेही. दोघांच्या गोळ्या मीच द्यायचे. घड्याळ लावून."

मी म्हटलं, "म्हणजे तिलाही..."

"माहीत नाही. पाकिटं मी तेराव्याच्या आधीच टाकून दिली." ती समोरच्या गाड्यांकडे बघत होती. आवाज नेहमीचाच होता, वर्गात फळ्यावर गणित सांगावं तसा. "असेलही, नसेलही. आता ते सांगायला काही शिल्लक नाही."

इंदूरची गाडी लागली. धारची तिथून बदलून मिळायची. तिने पिशवी उचलली, चढली, खिडकीशी बसली आणि म्हणाली, "श्यामला जेवण चुकवू देऊ नकोस." श्याम म्हणजे बाबा. गाडी गेली तरी मी बाकाजवळच उभा होतो.

घरी आल्यावर बाबांनी विचारलं, "बसायला जागा मिळाली का ताईला?" मी म्हटलं, "मिळाली."

त्यानंतर तीन वर्षांनी आत्या धारला झोपेतच गेली. तेराव्याला सगळे जमले होते. बाबा, जे कधी चारचौघांत बोलत नसत, ते पंगतीत उभे राहून बोलले. ताईने माझा जीव वाचवला, म्हणाले. मग डोळे पुसत म्हणाले, "आणि आईचं केलं ते तर तिनेच. शेवटच्या दिवसापर्यंत एक गोळी चुकवली नाही तिने."

पंगतीतल्या बायकांनी माना हलवल्या. मी वरण वाढत होतो. वाढत राहिलो.