काचेवरचा आळ

विद्यापीठाच्या तळमजल्यावर, जिन्याखालच्या लांबट खोलीत फुंकरताईचं काचकाम चालायचं. निळ्या ज्योतीत काचेची नळी फिरवायची, ती मऊ होऊन लवली की दुसऱ्या टोकाच्या रबरी नळीतून फुंकर मारायची, आणि बघता बघता तिचा चंबू व्हायचा. वरच्या सगळ्या प्रयोगशाळांमधली काच तिच्या हातची. खरं नाव पगारपत्रकापुरतं. शिपायापासून प्रमुखांपर्यंत सगळ्यांची ती फुंकरताईच.

काम वडिलांकडून आलं होतं, आणि तोंड येणंही. वर्षातून आठ-दहा वेळा जीभ, गाल, हिरड्या फोडांनी भरून जायच्या. पाण्याचा घोटसुद्धा झोंबायचा. बाबांचंही असंच व्हायचं. सेहेचाळिसाव्या वर्षी त्यांनी कायमची ज्योत विझवली आणि निदान करून टाकलं, "ही काच तोंड खाते." लेकीनं या धंद्यात पडू नये म्हणून त्यांनी जंग जंग पछाडलं. ती ऐकतेय कुठली! पण तोंड आलं की तीही काचेलाच बोल लावायची. मलमं झाली, जीवनसत्त्वांच्या गोळ्या झाल्या, तीन डॉक्टर झाले. शेवटी तिनं नाद सोडला.

एका मंगळवारी तिसऱ्या मजल्यावरची संशोधक बाई फुटका कंडेन्सर, वाफ थंड करायची काचेची नळी, घेऊन खाली आली. फुंकरताईनं तो उजेडात फिरवून पाहिला आणि कागदावर लिहिलं, 'गुरुवारी देते.'

"ताई, बोलायचंच नाही का आज? माझं काही चुकलं?"

"तोंड आलंय, मॅडम," ती ओठ न हलवता म्हणाली. "काच फुंकून येतं. बाबांना यायचं. आत्याला येतं."

"आत्याही काच फुंकायच्या?"

"छे! ती पोस्टात होती. आयुष्यभर शिक्के मारले तिनं."

एवढं बोलून फुंकरताई थबकली. हातातला कंडेन्सर तिनं टेबलावर ठेवला.

"आणि माझी मुलगी," ती सावकाश म्हणाली. "ती इमारतींचे नकाशे काढायला शिकतेय. काचेला कधी हात लावला नाही तिनं. लावूच दिला नाही मी. तिलाही येतं. वर पोटही दुखतं. वर्षभरात सहा किलोनं उतरलीय पोर."

बाईनं स्टूल ओढलं आणि बसली. ती दाहाच्या रोगांवरच काम करायची, म्हणजे जिथं शरीर स्वतःच आतून सुजतं, पेटतं, असे रोग. तिनं तोच कागद उलटा केला आणि घराण्याचा नकाशा मांडला. पुरुषाला चौकोन, बाईला गोल, तोंड येत असेल तर आतून काळा. कधीच वारलेली आजी काळी. बाबा काळे, आत्या काळी, फुंकरताई काळी, मुलगी काळी. काका कोरा, आणि त्याची दोन्ही मुलंही कोरी.

"ताई, हे कामानं आलेलं नाही. हे घराण्यात उतरतंय!" बाईचा आवाज चढला होता. "मी रुग्णालयातल्या डॉक्टरांशी बोलते. तुम्ही चौघंही रक्त द्याल का?"

"एवढी वर्षं काचेला शिव्या घातल्या," फुंकरताई म्हणाली. "रक्त काय, मागाल ते देते."

बाबांना राजी करणं सोपं नव्हतं. "बहात्तराव्या वर्षी माझ्या रक्तात काय सापडणार?" म्हणून ते अडून बसले. नातीनं नुसतं म्हटलं, "आजोबा, माझ्यासाठी," आणि ते चपला घालून दारात उभे.

चार महिने गेले. मग एका दुपारी निरोप आला, सगळ्यांनी या. डॉक्टरांच्या खोलीत खुर्च्या पुरेनात, म्हणून नात खिडकीच्या कट्ट्यावर बसली.

"सापडलं," डॉक्टर म्हणाले. "जनुकाचं नाव आहे रेला. ते जे प्रथिन बनवतं, ते आपल्या डीएनएवर जाऊन बसतं आणि बाकीच्या जनुकांना हुकूम सोडतं, 'कामाला लागा.' शरीरात दाह उठला की पेशींना जीव वाचवायला काही बंदोबस्त लागतो. तोही याच्याच हुकमानं होतो. या जनुकाच्या प्रत्येकाकडे दोन प्रती असतात. तुमच्या चौघांचीही एकेक बिघडलेली आहे. एका अक्षराची चूक. त्यामुळे हुकूम पडतो निम्माच, आणि तोंडातल्या, आतड्यातल्या पेशी दाहापुढे टिकत नाहीत."

"नाव रेला, आणि आमच्याकडे त्याचीच रेलचेल नाही!" आत्या म्हणाली. खोली हसली. डॉक्टरही हसले.

बाबा मात्र हसले नाहीत. "म्हणजे काचेचा काहीच दोष नव्हता?"

"काहीच नाही."

"मी उगाच काम सोडलं."

फुंकरताईनं त्यांचा हात धरला.

"याला औषध आहे?" नातीनं खिडकीतूनच विचारलं.

"जनुक दुरुस्त करता येत नाही. पण दाह भडकवणारा एक निरोप शरीरात फिरत असतो, त्याला वाटेतच गाठणारं इंजेक्शन आहे. अशा रुग्णांना त्याचा गुण आलेला आहे. तुझ्यापासून सुरुवात करू."

आधी तपासण्या झाल्या, मग इंजेक्शनं सुरू झाली. पहिल्या पंधरवड्यात काही फरक नाही. फुंकरताई रोज सकाळी लेकीला आ करायला लावायची, बॅटरी मारून बघायची. सहाव्या आठवड्यात तिनं बॅटरी मारली, पुन्हा मारली, जीभ उचलायला लावली. एकही फोड नाही! जिभेखाली नाही, गालात नाही. "आई, जबडा दुखतोय माझा," लेक कुरकुरली. तिनं ऐकलंच नाही. तशीच जिना उतरून शेजारणीला सांगायला पळाली, बॅटरी पेटलेलीच.

त्या दुपारी मुलीनं अख्खं संत्रं खाल्लं, आणि रस हनुवटीवरून ओघळला तरी पुसला नाही. पुढं फुंकरताईलाही इंजेक्शन सुरू झालं, आणि मग आत्यालाही. बाबा म्हणाले, माझं तोंड आता क्वचितच येतं, मला सुया नकोत. त्यांनी ते खरंच टाळलं.

आत्यानं मात्र मनावर घेतलं. पोस्टातली बाई, पत्ते तिला तोंडपाठ. आजीच्या माहेरची माणसं कुठं कुठं पांगली होती, ती तिनं फोन करकरून हुडकली. "तोंड येतं का तुमच्यात?" एवढाच सवाल. एका शनिवारी दोन गाड्या भरून अकरा जण रुग्णालयाच्या दारात उतरले. डॉक्टरांनी घराण्याच्या नकाशाला आणखी एक कागद चिकटवला आणि विचारलं, "रक्त द्यायला पहिलं कोण येतंय?"

अकरापैकी सात हात एकदम वर गेले.